रहाटणीची बर्मीण

आमच्या घराण्यात ज्यांनी काही मोठं केलं असं सांगितलं जातं, त्यांत माझ्या धाकट्या काकांचा नंबर बराच वरचा आहे. काकांनी काय केलं, तर ते रंगूनला गेले आणि परत आले. मधल्या काळात त्यांना दुसऱ्यांनी खाऊ घातलं, दुसऱ्यांनी लपवलं, दुसऱ्यांनी जगवलं. गावात आल्यावर ते सगळं त्यांनी स्वतःच्या नावावर सांगितलं आणि गावानं तोंड उघडं ठेवून ऐकलं.

काका तरुणपणी घरात भांडून एका लाकडाच्या ठेकेदाराबरोबर गेले होते. रंगूनच्या लाकडाच्या गिरणीत ओंडके ओढायचं काम. पुढे लढाई झाली, तिकडची हजारो माणसं रानावनातून चालत हिंदुस्थानात आली, काका काही आले नाहीत. ते मेले असं धरून आमच्या आत्यानं दोन घास कावळ्याला घालून टाकले, आणि आबा, म्हणजे माझे वडील, काकांच्या वाट्याची जमीनही निर्धास्तपणे कसू लागले. दुःख सगळ्यांनी नीट वाटून घेतलं होतं.

आणि एकोणीसशे पन्नास उलटून गेल्यावर एका दुपारी काका चिंचवड स्टेशनावरून बैलगाडीनं दारात उतरले. बरोबर बायको, माझ्याच वयाची एक मुलगी, आणि पत्र्याच्या दोन ट्रंका.

"मातीनं वढ लावली, दादा," काका आबांच्या गळ्यात पडून म्हणाले.

मातीची ओढ त्या दिवसांत आमच्या भागात पुष्कळांना लागली. रहाटणी तेव्हा नुसतं खेडं होतं, पण पवना ओलांडली की पिंपरी, आणि पिंपरीला सिंधी निर्वासितांच्या छावणीपलीकडे औषधांचा मोठा कारखाना निघणार अशी बोलणी सुरू झाली होती. ज्या मातीकडे कोणी बघत नव्हतं तिला गिऱ्हाईक येणार होतं. ही बातमी समुद्र ओलांडून काकांपर्यंत कशी पोचली हे मला माहीत नाही, पण ती पोचली होती. आबा त्यांच्या गळ्यात पडून रडले. मेलेला भाऊ जिवंत झाल्याचं ते रडणं होतं असं आई पुढे म्हणायची, आणि म्हणताना तिचं तोंड वाकडं व्हायचं.

काकी गाडीतून उतरली. निळ्या रेशमाची घोट्यापर्यंत लुंगी, वर आखूड पांढरी बंडी, केसांत फूल, आणि दोन्ही गालांवर चंदनासारखं काहीतरी पिवळसर उगाळून लावलेलं. ती अंगणात आबा आणि आत्यासमोर गुडघे टेकून बसली, हात जोडले आणि कपाळ जमिनीला लावून तीनदा नमस्कार केला. आमच्या घरात एवढा पूर्ण नमस्कार कोणी कोणाला केला नव्हता. आम्ही पायाला हात लावल्यासारखं करायचो आणि पळायचो.

आत्यानं काय केलं? तिनं पाय मागे घेतले. बर्मिणीचं कपाळ आपल्या पायाला लागू नये म्हणून.

आत्या तरुणपणीच विधवा होऊन माहेरी आलेली. चाव्या तिच्या कमरेला, शब्द तिचा. त्या दिवसापासून तिनं काकीला ओसरीच्या कोपऱ्यात वेगळं बसवलं. तिची थाळी वेगळी, तांब्या वेगळा. काकांना मात्र चुलीपुढे पाट. जणू काका तिकडे इतकी वर्षं गंगाजल पिऊन राहिले होते.

काकीबद्दल गावात दोन गोष्टींचा बभ्रा पहिल्या आठवड्यातच झाला. एक म्हणजे ती नवऱ्याला सगळ्यांदेखत नावानं हाक मारी. आणि दुसरं, संध्याकाळी कामं आटोपली की दारात बसून ती जाड चिरूट ओढी. तो तिच्या ट्रंकेतला तिकडचा, मक्याच्या पानात वळलेला चिरूट होता. बायका विहिरीवर पदर तोंडात धरून बोलायच्या. आत्या सर्वांत पुढे. "बाईमानूस आन तमाकू! शी!" असं ती म्हणे, आणि म्हणण्याआधी तोंडातली मिश्री थुंकून येई. सकाळी उठल्यापासून आमच्या गावच्या अर्ध्या बायकांचं बोट तोंडातच असे, दात आणि हिरड्या काळ्या कुळकुळीत. ती तंबाखू नव्हती. ती आमची रीत होती.

काकी आपला चिरूट ओढत राही. तिला रंगूनच्या बाजारात शिकलेलं हिंदुस्थानी येत होतं, आणि मराठी ती आईकडून परसात भांडी घासताना शिकत होती. माझी आई घरात कोणाच्या खिजगणतीत नव्हती, त्यामुळे तिला कोणाशी बोलायला मनाई करायचं कोणाच्या डोक्यात आलं नव्हतं.

आत्यानं मग ठरवलं की आळंदीला नेऊन दोघांना शुद्ध करून घ्यायचं आणि लग्न पुन्हा लावायचं. सगळे गाड्या जुंपून निघालो. इंद्रायणीत काकांना बुडवून काढलं, काकीला बुडवून काढलं, मुलीला बुडवून काढलं. पाणी थंड होतं आणि काका कुडकुडत असे मंत्र पुटपुटत होते की जणू जन्मभर दुसरं काही केलंच नाही. भटजींना दुसऱ्या एका यजमानाकडे जेवायला जायचं होतं, त्यामुळे सगळं भराभर चाललं होतं. शेवटी ताटात तांदूळ पसरले आणि काकांच्या हातात अंगठी दिली. बायकोचं नवं नाव तांदळात लिहायचं. काकांनी एका देवीचं नाव लिहिलं. चांगलं मोठं, ताटभर.

काकीनं ताटाकडे पाहिलं. "ये क्या लिखा?" तिनं आईला विचारलं. आईनं हळूच सांगितलं.

काकीनं हात पुढे केला आणि तळव्यानं तांदूळ सारखे केले. निवडायला घेताना आपण करतो तसे. "नाव हाय मला," ती म्हणाली.

काकांनी पुन्हा लिहिलं. तिनं पुन्हा तांदूळ सारखे केले. चिडली नाही, हसली नाही.

"आमच्यात बाई लगीन करती, नाव न्हाई टाकत," ती आईला समजावू लागली. "आईनं दिलेला नाव. जन्माचा वार बघून देत्यात. ते कसा पुसायचा?"

आत्या कडाडली. काका लाल झाले. भटजींनी सूर्याकडे पाहिलं, "झालं, झालं, भावना महत्त्वाची," असं म्हणून अक्षता टाकल्या आणि उपरणं सावरत गेले. आत्यानं गावात येऊन सांगितलं की शुद्धी यथासांग झाली. काकीच्या ट्रंकेत एक लहानशी बुद्धाची मूर्ती होती, तिलाही आत्यानं हळदकुंकू वाहिलं आणि शेजारणींना सांगितलं, "इष्णूचाच अवतार हाय तो." एवढं केल्यावर काकीची थाळी चुलीजवळ येईल असं मला वाटलं होतं. ती ओसरीतच राहिली.

काकांच्या थोरवीकडे आता वळलं पाहिजे.

काकीनं तुकड्यातुकड्यांनी आईला सांगितलेलं, आणि आईनं मला, ते असं. लग्न झाल्यावर काका सासूच्या घरी राहायला गेले, कारण तिकडे तशीच रीत. सासूचं बाजारात कापडाचं दुकान. काकी आणि तिची आई दुकान चालवत. काकांचं गिरणीतलं काम कधी असे, कधी नसे. लढाईत जपानी आले तेव्हा सासूनं जावयाला नदीवरून वर आपल्या भावाच्या गावी नेलं आणि भाताच्या कोठारामागे ठेवलं. स्वतः खाल्लं नाही ते त्यांना खायला दिलं. लढाई संपली, मग तो देश स्वतंत्र झाला, परक्या माणसांना तिथं राहणं अवघड होऊ लागलं, सासू वारली, आणि काकांना मातीची ओढ लागली. दुकान विकून जे आलं त्यातून बोटीचं भाडं निघालं.

काकांची पारावर सांगायची गोष्ट वेगळी होती. ते गिरणीचे मॅनेजर. बर्मी लोक आळशी. त्या बाईला बॉम्बखालून काकांनी उचलून आणली. "न्हाईतर काय व्हती ती? मी व्हतो म्हनून!" असं म्हणून ते मांडीवर थाप मारत. आणि गावातली पागोटी डोलत.

ज्या माणसानं उमेदीची वर्षं सासूच्या घरी जेवून काढली, तो रहाटणीत आल्यावर असा काही मर्द झाला की विचारायची सोय नाही. त्याला पाणी हातात लागायचं. बायकोनं मोठ्यानं हसायचं नाही. मुलीनं पुरुष बसले असताना ओसरीत यायचं नाही. "आपल्यात चालत न्हाई," हे त्यांचं ब्रीदवाक्य. आमच्यात काय चालतं हे आम्हालाही त्यांच्याकडूनच कळू लागलं. आबासुद्धा एवढे कडक नव्हते. आबांना आळस होता.

पण काकी काही बंडखोर बाई नव्हती, हेही सांगितलं पाहिजे, नाहीतर लोक उगाच तिची देवी करतात. तिच्या स्वतःच्या रीती होत्या आणि त्यांतल्या काही आमच्याहून जुनाट. जेवताना पहिला चांगला घास काकांच्या पानात. काकांची उशी नेहमी वरच्या बाजूला. काकांचे कपडे ती वेगळे धूत असे, बायकांच्या कपड्यांत कधी मिसळत नसे. आणि लुंग्या वाळत घालायच्या त्या घराच्या मागे, खाली, झुडपावर. आईनं एकदा दोरीवर टाकायला घेतली तर तिनं धावत येऊन हातातून काढून घेतली.

"पुरुषमाणसात तेज असतंय," तिनं सांगितलं. "बाईच्या लुंगीखालून गेला का तेज जातंय. माणूस रिकामा होतंय."

आईला हसू आलं. काका बाजेवर बसले होते, ते म्हणाले, "अडानी लोक हायेत, वहिनी. मी तसलं काय मानत न्हाई." पण मी बघत होते. परसात जाताना ते झुडपांना वळसा घालून जात.

त्यांची मुलगी, माझी चुलतबहीण, आमच्यात पटकन मिसळली. माझ्याहून स्वच्छ मराठी बोलू लागली, फुगड्या घालू लागली, हातात भरून बांगड्या मागू लागली. तिला पहिल्या दिवसापासून एकच पाहिजे होतं, कोणी तिच्याकडे वळून बघू नये. ते होणं शक्य नव्हतं. ती गोरीपान होती आणि डोळे आईचे. काकी तिला बरोबर घेऊन नदी ओलांडून पिंपरीच्या छावणीतल्या बाजारात शेतातली भाजी विकायला जाऊ लागली तेव्हा तर सगळं गाव बघू लागलं. सिंधी बायकांशी हिंदुस्थानीत घासाघीस करून ती आमच्या आबांच्या दुप्पट भाजी विकून यायची. काकांना त्याची लाज वाटे. भाजीच्या पैशांतून आणलेली साखर चहात घालून पिताना ती वाटत नसे.

असं काही वर्षं चाललं. आम्ही दोघी सोळा-सतराच्या झालो. पलीकडे कारखान्याच्या भिंती वर आल्या, धुराडं दिसू लागलं. आणि काकांनी पुनावळ्याचं स्थळ आणलं.

नवरा मुलगा कसला, तिशी ओलांडलेला बिजवर. पहिली बाळंतपणात गेलेली, मागे एक मूल. पण घर मोठं, जमीन सडकेला लागून, आणि घराणं असं की त्यांच्याशी सोयरीक झाली की काकांच्या बर्मी बायकोवर पांघरूण पडेल. त्या लोकांना मुलगी गोरी आहे एवढंच कळलं होतं. बाकीचं त्यांनी पोटात घालायचं ठरवलं होतं.

काकीनं मुलीला विचारलं. माझ्यासमोर विचारलं. मुलगी रडली आणि म्हणाली, "मला नको तो म्हातारा."

मग काकीनं काकांना सांगितलं, "ती नको म्हणते."

"तिला कोन इचारतंय?" काका म्हणाले.

"मी विचारला."

"हे रंगून न्हाई. हितं बाप ठरवतो. तुझ्या आईच्या घरात लई ऐकून घेतलं मी. आता हे माझं घर हाय."

घर आबांचं होतं, पण ते जाऊ दे. काकी उठली. ती माजघरात गेली आणि मूर्तीसमोर बराच वेळ बसली. मी आईला म्हटलं, "काकी गप्प बसली." आई म्हणाली, "व्हय, म्हनूनच मला भ्या वाटतंय."

पाहुणे यायच्या दिवशी घर सारवलं, पोहे भिजवले, आत्यानं ठेवणीतलं लुगडं काढलं. काका डोक्याला कडक फेटा बांधून पाहुण्यांना आणायला वेशीपर्यंत गेले. ते गेल्यावर काकी बाहेर आली. तिच्या हातात दोरी होती आणि गावात आली त्या दिवशी नेसलेली ती निळी रेशमी लुंगी, पाण्यात बुडवून पिळलेली. तिनं ओसरीच्या दोन खांबांना दोरी बांधली, अगदी येण्याच्या वाटेवर, आणि लुंगी त्यावर पसरून टाकली. मग मागच्या दाराला गेली आणि तिथे दुसरी टाकली.

आत्या चुलीपाशी होती. आईनं पाहिलं. काकी आणि आई एकमेकींकडे बघत उभ्या राहिल्या. मग आई आत येऊन पोह्यांना फोडणी देऊ लागली.

पाहुणे आले. नवरदेव, त्याचा चुलता आणि आणखी दोघं. चुलत्यानं लुंगी एका हातानं बाजूला सारली, फेटा सांभाळत वाकला आणि आत आला. त्यामागे नवरदेव, त्यामागे बाकीचे. त्यांच्या दृष्टीनं ते एक ओलं फडकं होतं. सगळ्यांत मागे काका. ते हसत, बोलत आले, मान वर केली, आणि पायरीवरच थांबले.

"ये की रं आत," आबा म्हणाले.

"येतो, येतो. चपला काढतो."

चपला काढल्या. उभेच. आत पाहुणे घोंगडीवर टेकले. काका घराला वळसा घालून मागच्या दारी गेले. तिथून तसेच पुढे आले. घाम फुटला होता.

"हे कापड काढा कुनीतरी," ते म्हणाले.

"वाळतंय," काकी आतून म्हणाली.

"वहिनी, ते काढा जरा."

"वलं हाय, भावजी," आई म्हणाली. "जमिनीवर टाकलं तर मळंल."

आता काका स्वतः काढू शकत होते. हात वर केला असता की झालं. पण खालून जाणं एक वेळ परवडलं, बाईच्या कमरेखालचं ओलं वस्त्र हातात धरणं त्याहून वाईट. त्यांचा हात वर जाई आणि छातीपर्यंत येऊन थांबे. मी तसा घाबरलेला माणूस पुन्हा पाहिला नाही. साप बघूनही माणसं एवढी घाबरत नाहीत. आणि हा माणूस बाजेवर बसून सांगत होता की बर्मी लोक अडाणी.

आत्या बाहेर आली. "आरं, बायकूच्या लुंगीला काय भितूस? घरात ये! पावनं बसल्यात!"

काका काय सांगणार? पाहुण्यांसमोर काय म्हणणार, की माझं तेज उतरेल? ते अंगणात तुळशीपाशी उभे राहिले आणि तिथूनच ओरडून म्हणाले, "तुमी बोलनी करा, मी ऐकतो हितनं!"

पुनावळेकरांचा चुलता जुना माणूस. त्यानं पोह्यांची बशी खाली ठेवली. "पोरीचा बाप अंगनात, आन बोलनी आमी कुनासंगं करायची? तुमाला द्यायची न्हाई तर तसं सांगा. आमी काय भीक मागाय आलोय व्हय?"

सोयरीक तिथेच मोडली असती, आणि मोडलीच. पण आमच्या आबांना ते पोहे वाया जाऊ द्यायचे नव्हते.

"बसा, पावनं," आबा म्हणाले. "बर्म्याच्या पोरीचं ऱ्हाऊ द्या. तिची आई तशी, बाप तसा. माजी बी एक हाय. हितलीच. रगत चोख हाय." आणि त्यांनी आत बघून हाक मारली. मला.

मी चुलतबहिणीची वेणी घालत होते. तिच्यासाठी काढून ठेवलेलं लुगडं आत्यानं माझ्या अंगाला गुंडाळलं. एवढ्या लगबगीनं आत्यानं माझ्यासाठी आधी कधी काही केलं नव्हतं. पानसुपारीचं तबक हातात दिलं आणि ढकललं. मी बसले, उठले, नाव सांगितलं, चालून दाखवलं. नवरदेव दोरीवरच्या लुंगीकडे बघत होता. बहुतेक त्याला झोप आली होती.

सुपारी फुटली. माझं लग्न माझ्यासमोर ठरलं, आणि ते ठरायला लागला तेवढा वेळ माझी बहीण अर्ध्या वेणीनं आत बसून होती.

पाहुणे जेवायला थांबले. पंगत वाढायच्या गडबडीत काकी माझ्याजवळ आली. तिनं माझा चेहरा वर केला.

"तुला पायजे काय?" तिनं विचारलं.

मला प्रश्नच कळला नाही. "काय?"

"हा माणूस. तुला पायजे?"

"आबांनी ठरवलंय," मी म्हटलं.

तिनं माझी हनुवटी सोडली. मग आईकडे वळली आणि आईलाही तेच विचारलं. आईनं डोळ्याला पदर लावला आणि भाताचं पातेलं उचलून बाहेर गेली. आपल्या मुलीचं संकट या घरात असं दुसऱ्या मुलीकडे सरकवलं जाईल हे काकीला सुचलं नव्हतं. आम्हाला ओळखायला तिला अजून वेळ लागणार होता.

पाहुणे गेल्यावर तिनं लुंग्या काढल्या, घड्या केल्या आणि ट्रंकेत भरल्या. काका आत आले ते थेट तिच्या अंगावर धावून. आबांनी धरलं. काकी जागची हलली नाही. तिनं एवढंच विचारलं, "का थांबलास बाहेर? तू तर मानत न्हाई." तेही सगळ्यांसमोर, नावानं हाक मारून. काकांनी आबांचे हात झटकले आणि फेटा सोडायला घेतला.

दुसऱ्या दिवशी काकी मुलीला आणि एका ट्रंकेला घेऊन नदी ओलांडून पिंपरीला गेली. छावणीच्या कडेला एका सिंधी बाईनं तिला खोली दिली. तिथे तिनं दुधी भोपळ्याच्या लांब फोडी करून पिठात तळायला सुरुवात केली, बरोबर चिंचेची तिखट चटणी. तिकडे तसंच खातात म्हणे. कारखान्याचे कामगार शिफ्ट सुटली की तिच्या चुलीभोवती उभे राहू लागले. साताऱ्याकडचे, कोकणातले, मराठवाड्यातले. त्यांच्यासाठी ती बर्मीण नव्हती, भजीवाली मावशी होती. मुलगी कारखान्यात लागली, औषधाच्या बाटल्यांना चिठ्ठ्या चिकटवायला.

गावात काकांनी सांगितलं की मी तिला टाकली. गावानं मान डोलावली. आणि मग काय झालं, तर रोज दिवेलागणीला काका हातात काठी घेऊन नदीकडे फिरायला निघायचे, पिंपरीला जाऊन काकीच्या हातचं पोटभर जेवायचे, आणि परत येऊन आमच्या ओसरीत झोपायचे. जेवण टाकलेल्या बायकोकडे, अब्रू भावाकडे. आत्याला हे ठाऊक होतं. "पाय मोकळं कराय गेलाय," असं ती विचारणाऱ्याला सांगे. काकीनं त्यांना एकदाही हाकललं नाही. पहिला चांगला घास अजूनही त्यांच्याच पानात पडे, असं बहिणीनं मला सांगितलं. त्यावर मला इतका राग आला की मी तिनं दिलेला चहा तसाच ठेवून उठले.

मी तोवर पुनावळ्याला नांदत होते. नवऱ्याबद्दल वाईट सांगण्यासारखं काही नाही आणि चांगलंही नाही. तो मारत नव्हता, बोलत नव्हता. सवतीचं मूल माझ्या अंगाखांद्यावर वाढत होतं. घरात मी एक बाई हलवून तिच्या जागी ठेवलेली दुसरी बाई होते, आणि सगळ्यांना ते सोयीचं होतं.

दशक संपता संपता बहिणीचं लग्न ठरलं. कारखान्यातला फिटर, कोकणातला. तिनंच ठरवलं. काकीचं म्हणणं, दोघांनी एका ताटात जेवावं, चार माणसांनी बघावं, संपलं. तिकडे लग्न तेवढंच. पण बहीण हटून बसली. तिला अंतरपाट पाहिजे, मंगलाष्टकं पाहिजेत, हिरवा चुडा, मंगळसूत्र, सगळं पाहिजे. आणि कन्यादान पाहिजे.

"दान?" काकीनं विचारलं. "तू काय भाजी हाय?"

"मला सगळ्यांसारखं पाहिजे," बहीण म्हणाली.

मग सगळ्यांसारखं झालं. छावणीतल्या मोकळ्या जागेत मांडव पडला आणि कन्यादानाला काका बसले. फेटा बांधून, छाती काढून. मुलीला म्हाताऱ्या बिजवराच्या गळ्यात बांधायला निघालेला माणूस आता पाहुण्यांना सांगत होता, "आमी पोरीला शिकवली, कंपनीत लावली, तिच्या मनासारखा नवरा बघून दिला. काळ बदलला, राव. आमी बर्म्याला राह्यलेली मानसं, आमाला हे जुनं पटत न्हाई." आबा शेजारी बसून 'बरोबर' म्हणत होते. आत्या सिंधी बायकांना कानात सांगत होती की हे लग्न तिनंच जमवलं. कोणाच्याही जिभेला हाड नव्हतं, आणि सगळ्यांनी लाडू मात्र दोनदा मागून घेतले.

काकी मांडवाच्या कडेला बाकावर बसली होती. मी तिच्याजवळ जाऊन बसले. विचारलं, "काकी, हे सगळं तुम्ही कसं चालवून घेतलं? आणि त्यांना तिथं कसं बसवलंत?"

"तिला पायजे होता," ती म्हणाली. "मला विचारशील तर नको. पण लगीन तिचा हाय."

"आणि काका?"

तिनं काकांकडे बघितलं. ते कोणाला तरी बॉम्बची गोष्ट सांगत होते. "तो असाच हाय," ती म्हणाली. "आदीपासून. मी लहान होते तवा मला वाटला, मोठा होईल." एवढं बोलून ती उठली आणि बायकांची पंगत बसवायला गेली.

पुरुषांच्या पंगती झाल्या होत्या. माझा नवरा जेवून, पान खाऊन मांडवाच्या तोंडाशी आला आणि म्हणाला, "गाडी जुपलीय. चल."

"मी जेवले नाही अजून," मी म्हटलं.

"घरी जेव. उशीर व्हतोय."

मी काकीनं मांडलेल्या पाटावर जाऊन बसले. पानात भात आला, वरण आलं, भोपळ्याची भजी आली. तो तिथेच उभा राहिला, मूल कडेवर घेऊन, या पायावरून त्या पायावर. मी मान वर केली नाही. आणखी भात मागितला.